सून कुठे गेली, बाबा?

बाबा, तुमच्या तेरवीच्या पंगतीत लोक हसत होते. हे तुम्हाला सगळ्यात आधी सांगायला हवं, कारण रडक्या पंगतीत तुम्हाला जेवण जायचं नाही. तुमच्यासोबत पोलाद कारखान्याच्या रेल मिलमध्ये क्रेन चालवणारे देशकरकाका जुनवानीहून आले होते. पानात बुंदी पडत होती तेव्हा ते म्हणाले, "वासुदेवनं पुरी जिंदगी लोखंड उचललं. एक पट्टी खाली पडू देल्ली नाही. अन् तोडलं काय, तं पिच्चर!" मग त्यांनी ती सगळी गोष्ट पहिल्यापासून सांगितली. ज्यांना ती पाठ होती तेही बोटं चाटायची सोडून ऐकत बसले. आई दारात उभी होती. मला वाटलं, तिला वाईट वाटेल. पण तीच पदर तोंडाला लावून हसत होती. प्रकाश तेरा दिवसांत पहिल्यांदा हसला.

तुम्ही दुपारी जेवून आडवे झालात आणि उठलाच नाहीत. भेटायला येणाऱ्यांना आम्ही एवढंच सांगतो. लोक विचारतात, आजारी होते का? मी म्हणते, नाही, वाद घालत होते. जेवताना आपला शेवटचा वाद झाला तोही त्याच विषयावर, ज्यावर पहिला झाला होता.

पहिला वाद आठवतो ना? लग्न होऊन मी वर्ध्याहून भिलाईला आले त्याला जेमतेम आठवडा झाला होता. तेव्हा आपण सेक्टरमधल्या क्वार्टरमध्ये राहायचो. तुम्ही आणि प्रकाश जेवत होता, आई पोळ्या करत होती, मी वाढत होते. तोवर मी तुमच्याशी 'हो' आणि 'नाही' यापलीकडे बोलले नव्हते. कशावरून तरी जुन्या सिनेमांची गोष्ट निघाली आणि प्रकाशनं सांगून टाकलं, की हिला 'आडवाटेची सून' फार आवडतो.

आवडायचाच. कॉलेजात असताना मी तो टीव्हीवर तीनदा पाहिला होता. रुक्माला सुईणीचं काम शिकायला तालुक्याला जायचं असतं, घरचे जाऊ देत नाहीत. शेवटी एका सकाळी ती गाठोडं उचलते आणि मोठा रस्ता सोडून आडवाटेनं चालू लागते. तिची पाठ लहान लहान होत जाते आणि पडदा काळा होतो. 'समाप्त' अशी पाटीसुद्धा नाही. त्या काळात एवढा धीट शेवट करणाऱ्या दिग्दर्शकाचं किती कौतुक व्हायचं! आमच्या प्राध्यापकांनी त्यावर तासभर भाषण दिलं होतं.

मी म्हटलं, "शेवटी ती निघून जाते, ते मला सगळ्यात आवडतं."

तुम्ही भात कालवत म्हणालात, "गेली नाही ते."

"गेली ना, बाबा. मी तीनदा पाहिलाय."

"तुनं टीव्हीवर पाह्यला. म्या मशीनवर चालवला हाये. पुढं सासू बैलगाडी घेऊन येते. सून गाडीत बसते, कासरा हाती घेते, अन् गाडी घराकडं वळते. हासून राह्यली असते ते."

"असा शेवट असता, तर मी तो सिनेमा तीनदा पाहिलाच नसता."

बोलून गेले आणि माझे कान गरम झाले. आईच्या हातातलं लाटणं थांबलं. प्रकाश ताटात बघत बसला. आठ दिवसांची सून सासऱ्याला उलट बोलली होती. तुम्ही मान वर केली, माझ्याकडे पाहिलंत आणि आईला म्हणालात, "अवो, इले अगुदर जेवाले वाढ. वाद घालाले ताकद लागते."

त्या दिवशी मी तुमच्या शेजारी बसून जेवले. माझ्या माहेरीही माझ्या आईला कधी असं बोलता आलं नव्हतं. त्या घरात मला जागा मिळाली ती त्या एका वाक्यानं, बाबा. पुढे प्लांटच्या लॅबमध्ये मला नोकरी लागली आणि नातेवाइकांनी 'घरी लहान पोरगी आहे' म्हणून नाकं मुरडली, तेव्हाही तुम्ही त्यांच्याशी काही वाद घातला नाही. तुम्ही सरळ माझ्या सायकलला समोरची टोपली लावून आणलीत.

अठ्ठावीस वर्षं आपण भांडलो. तुमचं म्हणणं असं, की मराठी मंडळासाठी क्लबच्या हिरवळीवर दर रविवारी संध्याकाळी तुम्ही सोळा एमएमचं सिनेमाचं मशीन चालवायचे, आणि तो सिनेमा नागपूरहून आला तेव्हा दुपारी खोलीत भिंतीवर तुम्ही तो पूर्ण चालवून पाहिला होता. संध्याकाळी मात्र शेवटाला फिल्म मशीनमध्ये अडकली, दिव्याच्या आचेनं जळायला लागली, लोक ओरडले, तुम्ही दिवा बंद केला. म्हणजे तो शेवट अख्ख्या भिलाईत तुम्ही एकट्यानं पाहिलेला! साक्षीदार कोणी नाही. आईला विचारलं, तर ती म्हणायची, "मी तं हिरवळीवर बसली होती. पडद्यावर आग दिसली अन् मी यांच्याकडं पळाली."

सुपेल्याच्या बाजारात त्या भाजीवाल्या बाईलाही तुम्ही या वादात ओढलं होतं. आपण दोघं दिसलो, की ती भेंडी तोलता तोलता विचारायची, "बहू लहुटिस के नहीं, बाबूजी?" सून परतली की नाही? तुम्ही म्हणायचे, "लहुटगे." मी म्हणायचे, "नहीं लहुटे हे." आणि ती दोघांच्याही पिशवीत कोथिंबीर टाकायची.

पण एक गोष्ट मी कधी बोलले नाही, ती आज बोलते. मंडळाच्या एका वार्षिक कार्यक्रमात मला जुन्या मराठी सिनेमांवर बोलायला सांगितलं होतं. माइक हातात होता, समोर शंभर माणसं होती, आणि मला चेव चढला. मी म्हटलं, "आमच्या घरी एकांनी या सिनेमाचा वेगळाच शेवट पाहिलाय. स्वप्नात!" सगळे हसले. तुम्ही उठून मागे पाण्याच्या कूलरजवळ गेलात आणि माझं बोलणं संपेपर्यंत तिथंच पाणी पीत उभे राहिलात. एवढी तहान कुणाला लागते? घरी येताना स्कूटरवर मी मागे बसून शब्द जुळवत होते, आणि तुम्ही मला विचारलंत, घरी दही आहे का. माझी माफी दह्यातच राहिली.

दोन वर्षांपूर्वी मंडळाच्या खोलीला रंग द्यायचा होता, म्हणून आम्ही बायका सामान बाहेर काढत होतो. गणपतीच्या सजावटीच्या पेटीत, थर्माकोलच्या मखराखाली, एक चपटा गोल डबा निघाला. झाकणावर कागद चिकटवलेला होता. अक्षर मी ओळखलं, कारण त्याच अक्षरात आपल्या किराण्याची यादी लिहिली जायची. 'आ. सून. तुटलेला तुकडा. जोडून नागपूरले परत धाडणे.' खाली तुमची सही.

मी झाकण थोडंसं उचललं आणि आंबट वास आला, लोणच्याची बरणी उघडल्यासारखा. लॅबमध्ये आयुष्य गेलंय माझं, ॲसिटिक ॲसिडचा वास मला कळतो. जुनी फिल्म सडायला लागली की तिला हाच वास येतो. डबा पिशवीत घालून मी रिसालीच्या आपल्या घरी आणला आणि तुमच्या पुढ्यात ठेवला. तुम्ही तो कागद दोनदा वाचलात.

"हे तं माह्यंच अक्षर हाये."

"हो."

"म्हंजे म्याच ठेवला. अन् म्याच भुललो." मग तुमचा चेहरा उजळला. "म्हंजे तुकडा हाये! सुषमा, तुकडा हाये! मशीन काढ माळ्यावरून!"

आणि मी तुमच्यावर पहिल्यांदा ओरडले. ती फिल्म मशीनवर लावली असती, तर तिचा चुरा झाला असता. ती आक्रसली होती, कडेची भोकं फाटली होती, वेटोळी एकमेकांना चिकटली होती. मी म्हटलं, "हात लावायचा नाही." तुम्ही दोन्ही हात मागे बांधून डब्याभोवती फिरत राहिलात.

मी पुण्याच्या एका लॅबला फोन केला, जिथे जुन्या फिल्म दुरुस्त करतात. तिथली तन्वी नावाची मुलगी म्हणाली, आधी तिला थंड आणि कोरडं ठेवा. मग 'आडवाटेची सून' आपल्या फ्रिजमध्ये दह्याशेजारी राहायला गेली. तिसऱ्या दिवशी आईनं तक्रार केली, "दुधाले वास येऊन राह्यला. एक तं तुमची सून राहीन, नाही तं माह्यं दूध." तुम्ही त्याच दिवशी दूध शेजाऱ्यांकडे नेऊन ठेवलंत.

पुढचा दीड महिना माझ्या आयुष्यातला सगळ्यात सुंदर दीड महिना होता, असं म्हटलं तर प्रकाश रुसेल, पण होता. सुट्टीच्या सकाळी आपण दिवाणखान्यात पांढरं सुती कापड अंथरायचो. पंखा बंद, दारं बंद, घामाच्या धारा. तन्वी फोनवर सांगायची तसं मी एकेक वेटोळं सोडवायचे, तुम्ही भिंगातून बघत फाटक्या भोकांवर पारदर्शक पट्टी बसवायचे. मी म्हणायचे, तुमचा हात कापत कसा नाही? तुम्ही म्हणालात, "अवो, लाल झालेलं लोखंड माणसाच्या डोक्यावरून नेलं हाये या हातानं. कापून कसं चालंन?" एकदा उजेडासमोर एक फ्रेम धरून तुम्ही मला बोलावलंत. एवढ्याशा चौकोनात एक बैल होता. फक्त बैलाचं शिंग आणि एक कान. "पाह्य," तुम्ही म्हणालात, "गाडी हाये का नाही?" मी म्हटलं, "बैल आहे. गाडी अजून दिसली नाही." तुम्ही इतके हसलात, की आई दार उघडून आत आली आणि आपण दोघंही तिच्यावर ओरडलो, "धूळ येते, दार लाव!"

पुण्याला जाताना तुम्ही डबा मांडीवरून खाली ठेवला नाही. गाडीत तिकीट तपासणाऱ्यानं विचारलं, "अंकल, इसमें क्या है?" तुम्ही गंभीरपणे म्हणालात, "बहू है साहब. इलाज के लिए ले जा रहे हैं." त्यानं माझ्याकडे पाहिलं, डब्याकडे पाहिलं आणि पुढच्या डब्यात निघून गेला.

लॅबमध्ये त्यांनी एकेक फ्रेम टिपून घेतली. तन्वीनं तुमचा तुकडा आणि टीव्हीवर दाखवतात ती प्रत शेजारी शेजारी पडद्यावर लावली आणि दोन्ही मागेपुढे सरकवून पाहिलं. मग म्हणाली, "आजोबा, त्या प्रतीची शेवटची फ्रेम आणि तुमच्या तुकड्याची पहिली, या लागोपाठच्या आहेत. कात्रीचा तिरपेपणासुद्धा जुळतोय." तुम्हाला कळेना. तिनं समजावलं. मूळ निगेटिव्ह कधीच खराब झालं होतं. जगात उरली ती एकच प्रत, नागपूरच्या वितरकाची, भिलाईला येऊन गेलेली. टीव्हीसाठी त्याच प्रतीवरून, तुमचा तुकडा न जोडताच, नक्कल काढली होती.

म्हणजे तो धीट शेवट, ज्यावर आमचे प्राध्यापक तासभर बोलले, ज्याच्यासाठी मी इतकी वर्षं तुमच्याशी भांडले, तो कुठल्या दिग्दर्शकानं केला नव्हता. तो एका क्रेन ऑपरेटरनं रविवारी संध्याकाळी भिलाईच्या क्लबात, पब्लिक ओरडत असताना, कात्रीनं केला होता.

तुम्ही खुर्चीत बसलात. म्हणालात, "बाप रे." मग माझ्याकडे बघून म्हणालात, "तुले आवडते तो शेवट म्याच बनवला का मंग?" मी मान डोलावली. "मंग इतके दिवस माह्याशी कावून भांडून राह्यली?"

मग आपण पाहिलं. रुक्मा आडवाटेनं चालतेय. मागून घुंगरांचा आवाज येतो. ती वळत नाही. बैलगाडी तिच्या बरोबरीला येते, हाकायला सासू बसलेली. दोघी एकमेकींकडे बघतात. मी श्वास धरून बसले होते, कारण सासू तिला परत न्यायला आलीय असं झालं असतं, तर माझा सिनेमा तिथंच मेला असता. रुक्मा काहीतरी बोलते. नेमका तिथं आवाजाचा पट्टा जळालेला होता, नुसती खरखर. तन्वी म्हणाली, हे वाक्य गेलं बहुतेक. तुम्ही म्हणालात, "पुन्हा लाव. हळू." दोनदा लावून पाहिलंत आणि म्हणालात, "म्हणते, 'सरका थोड्या, आत्याबाई.'" तन्वी म्हणाली, तुम्हाला आठवतंय? तुम्ही म्हणालात, "आठवत नाही, पोरी. दिसून राह्यलं. रेल मिलमधी आवाज कोनाले ऐकू येते? तीस वर्षं वरून लोकायची तोंडं पाहूनच क्रेन चालवली."

त्या दोन ओठांसाठी तन्वीनं तीनदा वेग कमी करून पाहिलं. अक्षर न् अक्षर जुळत होतं. सासू सरकते. रुक्मा चढून बसते, कासरा हाती घेते आणि हसते. खरंच हसते, तुम्ही सांगितलं होतं तशी, सगळे दात दाखवून. बाबा, मी रडले ते तुम्हाला दिसलं का माहीत नाही. गाडी चालू लागते. आडवाटेनंच. सरळ पुढे. सासू बाजूला बसलेली. आणि फिल्म संपते.

"वळली नाही," मी म्हटलं.

"वळते. पुढं वळते. इथं फाटला हाये."

परतीच्या अख्ख्या प्रवासात तुम्ही त्यावरून तसूभर हटला नाहीत.

यंदा मंडळानं तो सिनेमा दाखवला, पूर्ण, दुरुस्त केलेला. हॉल भरून माणसं आली. तुम्ही सवयीनं मागे मशीनजवळ जाऊन उभे राहिलात. लॅपटॉप घेऊन आलेला माणूस म्हणाला, "अंकल, इसमें कुछ करना नहीं पड़ता. आप बैठ जाइए." तुम्ही अंधारात खुर्च्यांमधून वाट काढत पुढे आलात. आईनं शेजारच्या खुर्चीवरची पिशवी उचलली. लग्नाला पन्नास वर्षं होऊन गेली होती, आणि तुम्ही दोघं पहिल्यांदा शेजारी बसून सिनेमा बघत होता. इतकी वर्षं ती हिरवळीवर आणि तुम्ही मशीनपाशी. थोड्या वेळानं मी ऐकलं, तुम्ही तिला विचारत होता, "इथून इतकं मोठं दिसते का?" आणि ती म्हणाली, "दरवेळीच दिसते."

सिनेमा संपल्यावर मी माइककडे निघाले होते. त्या जुन्या बोलण्याबद्दल सगळ्यांसमोर तुमची माफी मागायची, असं ठरवून आले होते. पण तुम्ही माझ्याआधी पोहोचलात. माइक हातात घेतलात आणि म्हणालात, "मंडळी, हा पिच्चर म्याच कापला होता. डबाही म्याच भुललो. माफी असावी. पर गाडी पुढं वळते." टाळ्या थांबेनात. त्या गोंधळात माझी माफी पुन्हा राहिली. घरी येताना तुम्ही मला चक्क विचारलंत, "तू कायले माइककडं येत होती?" मी म्हटलं, "काही नाही." आता सांगते, बाबा. मी चुकले होते. तुम्ही स्वप्न पाहिलं नव्हतं.

हे सगळं लिहायला आज बसले, त्याला कारण आहे. तेरवीनंतर चार दिवसांनी तन्वीचा फोन आला. तुमची बातमी ऐकून तिनं आधी आईची चौकशी केली. मग म्हणाली, एक सांगायचं होतं. सिनेमाचा जुना सेन्सॉरचा कागद सापडलाय, त्यावर फिल्मची लांबी लिहिलेली आहे. आपली लांबी तिच्याशी जुळत नाही. तुकडा जोडूनही सिनेमा जवळजवळ एक मिनिट कमी भरतो, आणि सगळी चिन्हं बघता ते मिनिट शेवटचंच असावं.

मी फोन ठेवला आणि स्वयंपाकघरात जाऊन आईला सांगितलं. ती तांदूळ निवडत होती. ताट बाजूला ठेवून म्हणाली, "मंग वळली असंन गाडी."

"किंवा सरळ गेली असेल."

"तू त्याइले कधी जिंकू देऊ नको," ती म्हणाली. थोड्या वेळानं म्हणाली, "जा, सांग त्याइले."

बाहेरच्या खोलीत तुमचा फोटो आहे, प्रकाशनं ताजा हार घातलाय. मी समोर उभी राहिले. आईशिवाय घरात दुसरं कोणी नव्हतं, तरी मला लाज वाटत होती. हळूच म्हटलं, "वळली असेल, बाबा."

आतून आईचा आवाज आला, "जोरात म्हण. त्याइले कमी ऐकू येते."

मी पुन्हा म्हटलं, जोरात.